फाईलताईचं कपाट

मांडववाले, खुर्च्यावाले, लाइटवाले यांनी त्या दोघींना परस्पर नावं पाडून टाकली होती. फुलं, पडदे, मांडणी पाहणारी ती फुलताई. आणि करार, परवाने, पावत्या पाहणारी ती फाईलताई. दोघी बहिणी नव्हत्या, नात्यातल्याही नव्हत्या. एका छापखान्यात शेजारी शेजारी नोकरीला होत्या. तो बंद पडला तेव्हा दोघींनी मिळून लोकांचे समारंभ करून द्यायचा धंदा काढला आणि बावीस वर्षं चालवला. लग्नं, निरोपसमारंभ, दुकानांची उद्घाटनं, कंपन्यांची संमेलनं. स्वतःचं लग्न मात्र दोघींपैकी एकीनंही केलं नाही. “दुसऱ्यांची करता करता राहूनच गेलं,” असं फाईलताई सांगायची, आणि ऐकणारा हसला की लगेच त्याच्यापुढं करारावर सही करायला पेन सरकवायची.

गेल्या वर्षी एका दुपारी डोकं दुखतंय म्हणून ती लवकर घरी गेली. दुसऱ्या दिवशी सकाळी तिच्या शेजाऱ्यांचा फोन आला.

फुलताईनं पंधरा दिवस ऑफिस बंद ठेवलं आणि मग उघडलं. दुसरं करणार काय? ठरलेली कामं होती, ती पार पाडली. नवी आली, तीही घेतली. करारासाठी फाईलताईचाच जुना नमुना होता, त्यात तारखा तेवढ्या बदलायच्या. ऑफिस म्हणजे दुसऱ्या मजल्यावरची एकच खोली. खिडकीपाशी फुलताईचं टेबल, दारापाशी फाईलताईचं, आणि त्याच्या मागं उंच लोखंडी कपाट. फुलताईनं त्या टेबलावरचं काही हलवलं नव्हतं. फाईलताईच्या नावानं अजून पत्रं येत. ती न फोडता फुलताई त्याच टेबलावरच्या ट्रेमध्ये ठेवून द्यायची. दुसऱ्याच्या नावाचं पाकीट उघडायचं नसतं, हे तिच्या अंगवळणी पडलेलं होतं. फोनवर ती अजूनही ‘आम्ही’ म्हणायची. आम्ही बघतो, आम्ही कळवतो. 

अशात एक दिवस एक निवृत्त मुख्याध्यापिका आल्या. दोन जिने चढून दम लागलेला, तरी पाठ ताठ. पुढच्या महिन्यात त्यांच्या आईला शंभर वर्षं पूर्ण होणार होती. एक लहान हॉल ठरवला होता, ऐंशी माणसं बोलवायची होती, दुपारचं जेवण द्यायचं होतं. फुलताईनं वही उघडली आणि नेहमीप्रमाणे, आईंना कुठला रंग आवडतो, इथून सुरुवात केली. मुख्याध्यापिकांनी तळहात वर करून तिला थांबवलं.

“रंगाचं नंतर बोलू. तुमचा विमा आहे का?”

फुलताईला आधी वाटलं, या बाईंना मुलाला किंवा भाच्याला एखादी पॉलिसी खपवायला मदत करायची असेल. पण त्यांचा प्रश्न सरळ होता. समारंभात कुणी पडलं, कुणाला भाजलं, हॉलच्या सामानाची मोडतोड झाली, तर भरपाई कोण देणार? विमा फक्त तुमच्या माणसांपुरता आहे, की तुम्ही आणता त्या स्वयंपाकवाल्यांचा आणि लाइटवाल्यांचाही त्यात समावेश आहे? मुदत कधीपर्यंत आहे? बाईंनी हे सगळं एका कागदावर लिहूनच आणलं होतं आणि प्रत्येक प्रश्नापुढं उत्तरासाठी जागा सोडली होती.

फुलताई म्हणाली, आहे ना, सगळं आहे, आम्ही दरवर्षी काढतो.

“मग त्याची एक प्रत द्या.”

“कागदपत्रं माझी भागीदार बघते. उद्या पाठवते मी.”

‘बघते’ असं तोंडातून गेलं आणि तिचं तिलाच कसंतरी झालं. मुख्याध्यापिकांच्या ते लक्षात आलं नाही. आपण एवढं खोदून का विचारतो, ते त्यांनी जाताना सांगितलं. सहा वर्षांपूर्वी त्या निवृत्त झाल्या तेव्हा शाळेनं मोठा कार्यक्रम केला होता. स्टेजच्या मागं उभा केलेला लाकडी फलक पुढच्या रांगेवर कोसळला. पुढच्या रांगेत त्यांची धाकटी बहीण बसली होती. तिचं खुब्याचं हाड मोडलं. ती, आई आणि त्या, अशा तिघी एकत्र राहायच्या. बहीण अंथरुणावर पडली ती चार महिन्यांनी गेलीच.

“कार्यक्रम करणारा म्हणाला, सुताराची चूक. सुतार म्हणाला, हॉलवाल्यांनी खिळे ठोकू दिले नाहीत. हॉलवाले म्हणाले, वारा फार होता. वाऱ्याचा पत्ता तेवढा मला कुणी दिला नाही,” त्या म्हणाल्या आणि जिना उतरायला लागल्या.

त्या गेल्यावर फुलताईनं कपाटाची किल्ली शोधली. ती फाईलताईच्या खणात, जिथं असायची तिथंच होती. कपाट उघडलं तर आत प्रत्येक फाईलच्या कण्यावर वर्ष आणि विषय लिहिलेला, ठसठशीत अक्षरात, जणू कुणी अधू नजरेचा वाचणार आहे. विम्याची फाईल डोळ्यांसमोरच होती. शेवटची पॉलिसी सात महिन्यांपूर्वी संपलेली.

मग तिनं ट्रेमधली पाकिटं घेतली आणि फाईलताईच्या खुर्चीत बसून एकेक फोडायला लागली. नूतनीकरणाची आठवण करून देणारी दोन पत्रं त्यात होती. एक मुदत संपायच्या महिनाभर आधीचं, एक संपल्यावर आठवड्यानं आलेलं. दोन्ही तिनंच आपल्या हातानं तिथं ठेवली होती.

सात महिन्यांत तिनं चौदा समारंभ केले होते. ते एकेक करून तिच्या डोळ्यांपुढून जायला लागले. गच्चीवरचा तो कार्यक्रम, जिथं कठडा जेमतेम कमरेएवढा होता. गोदामातलं संमेलन, जिथं पडद्याला लागून शेगड्या पेटल्या होत्या. एका लग्नात कुणाचंतरी पोर कमानीवर चढलं होतं आणि सगळ्यांनी त्याचे फोटो काढले होते. तिनंही काढला होता. काही झालं नाही, म्हणून काही झालं नाही. 

फाईल मिटताना मागच्या बाजूला सुतळीनं बांधलेला एक गठ्ठा दिसला. वर लिहिलं होतं, ‘दावा’. नऊ वर्षांपूर्वीची तारीख होती. ती तारीख फुलताईला पाठ होती. बागेतला तो समारंभ, एका डॉक्टर जोडप्याच्या दवाखान्याच्या पंचविसाव्या वर्षाचा. झाडाला टांगलेले फुलांचे घोस, मधून मधून बारीक दिवे. तिच्या सगळ्या कामांत तिला तेच सर्वांत आवडायचं. त्याचाच फोटो तिनं भिंतीवर लावला होता.

गठ्ठ्यात लिहिलं होतं की त्या संध्याकाळी व्हायोलिन वाजवायला आलेला वादक जमिनीवरच्या वायरीत पाय अडकून पडला आणि त्याचं डावं मनगट मोडलं. दवाखान्याचे कागद होते, एक्स-रेची पावती होती, त्याची एक तक्रार होती आणि विमा कंपनीच्या तपासनिसानं घेतलेला जबाब होता. वायर मुळात कुंपणाच्या कडेनं नेलेली असताना ती मधून कशी आली, असा प्रश्न होता. खाली फाईलताईच्या अक्षरात उत्तर होतं: ‘माझ्या सांगण्यावरून हलवली.’

फुलताईनं ते तीन वेळा वाचलं. वायर तिनं हलवली होती. कुंपणाच्या पांढऱ्या फुलांवर ती काळी रेघ फार घाण दिसत होती, म्हणून तिनं स्वतः ओढून ती गवतावरून नेली होती. वादक लवकर गेला, हे तिला आठवत होतं. ‘त्याचं डोकं दुखत होतं,’ असं फाईलताईनं सांगितलं होतं.

त्यानंतरच फाईलताई बदलली होती, तेही आठवलं. प्रत्येक वायरीवर रबरी पट्ट्या, सतरंजीच्या कडांना चिकटपट्टी, टांगायचं काही म्हटलं की नन्नाचा पाढा. त्यावरून भांडणं व्हायची. एकदा तर फुलताई सगळ्या कामगारांदेखत तिला म्हणाली होती, “तुझ्यामुळं माझी फुलं शोकसभेला आल्यासारखी दिसतात.” त्यावर फाईलताई, पट्टीचं दुसरं टोक धर, एवढंच म्हणाली होती.

आता हे कुणाशी बोलायचं? बावीस वर्षांत फुलताईला कामातली कुठलीही गोष्ट सांगावीशी वाटली की ती मान वर करून समोर बघायची. सवयीनं तिनं मान वर केली. पण ती बसली होती फाईलताईच्या खुर्चीत, त्यामुळं समोर तिचं स्वतःचंच रिकामं टेबल होतं. संध्याकाळ होईपर्यंत ती तिथंच बसून राहिली. खालच्या दुकानाचं शटर पडलं तेव्हा उठली.

दुसऱ्या दिवशी ती विमा एजंटाकडं गेली. साठी उलटलेला माणूस, औषधांच्या दुकानावर त्याची खोली, भिंतीला लागून कागदांचे ढीग. फाईलताई गेल्याचं त्याला माहीतच नव्हतं. तिच्या मोबाइलवर त्यानं चारपाच वेळा फोन केले होते, ते लागले नव्हते. ऐकल्यावर त्यानं चष्मा काढून टेबलावर ठेवला.

“मला वाटलं, दुसऱ्या एजंटाकडं गेल्या. रागच आला होता हो मला,” तो म्हणाला.

फुलताईनं जुनी पॉलिसी पुढं केली आणि हीच पुन्हा चालू करता येईल का, असं विचारलं. एजंटानं नकारार्थी मान हलवली. ही पॉलिसी दोघींच्या भागीदारीच्या नावावर होती, आणि दोनच भागीदार असताना एक गेला की भागीदारी तिथंच संपते. म्हणजे मुदत संपायच्या आधीच ही पॉलिसी लंगडी झाली होती. आता नवा अर्ज, नवी पॉलिसी, तिच्या एकटीच्या नावानं. अर्जात मधला सगळा काळ विमा नव्हता, हेही खरंखरं लिहायचं. तो चांगल्या मनानंच सांगत होता. पण फुलताईच्या मनात एवढंच राहिलं की ज्या सकाळी शेजाऱ्यांचा फोन आला, त्याच सकाळी आपली फर्मही संपली होती, आणि आपण वर्षभर तिच्या नावाची पाटी पुसत होतो.

अर्ज भरायला बसली. व्यवसायाचं स्वरूप, वर्षाला अंदाजे समारंभ, जास्तीत जास्त पाहुणे. हे तिला येत होतं. मग ‘भागीदार किंवा संचालक’ असा रकाना आला. एजंट म्हणाला, रेघ मारा. तिनं रेघ मारली. पेन नीट उमटलं नाही, म्हणून पुन्हा मारावी लागली.

मग तिनं त्या दाव्याचं विचारलं. एजंटाला सगळं आठवत होतं. फाईलताई त्याच्याबरोबर दवाखान्यात गेली होती, नंतरही त्या वादकाकडं अधूनमधून जायची. भरपाई मिळाली. हातही बरा झाला, फक्त करंगळी पूर्वीसारखी सांगितलेलं ऐकत नाही, असं वादकानं कळवलं होतं.

“वायर मी हलवली होती,” फुलताई म्हणाली.

“ठाऊक आहे. मी त्यांना म्हटलं होतं, तुमच्या मैत्रिणीला निदान सांगा तरी.”

“मग?”

“म्हणाल्या, सांगितलं तर ती पुढच्या वेळी हात आखडेल. मग आमच्याकडं कुणी कशाला येईल? माझ्या फायली बघायला?”

एजंट हसला. फुलताईनंही हसायचा प्रयत्न केला, पण तिला ते जमेना, म्हणून ती खिडकीकडं तोंड करून उभी राहिली. एजंट समजूतदार होता. त्यानं उगाच एक ढीग उचलून दुसरीकडं ठेवला.

मुख्याध्यापिकांना फोनवर सांगता आलं असतं, पण फुलताई त्यांच्या घरी गेली. पहिल्या मजल्यावरचं दोन खोल्यांचं घर. खिडकीशी आरामखुर्चीत त्यांची आई बसलेली, एवढीशी, शालीत जवळजवळ हरवलेली. फुलताईनं उभ्याउभ्याच सांगून टाकलं. विमा संपला आहे, सात महिने झाले. मला माहीत नव्हतं, पण माहीत असायला हवं होतं. भागीदार बघते असं म्हणाले, ते खोटं होतं, ती वारली आहे. नवा अर्ज दिला आहे, पॉलिसी दहाएक दिवसांत हातात येईल. तोवर तुम्ही दुसरं कुणी बघितलं तरी मी समजू शकते.

मुख्याध्यापिकांनी तिला बसायला सांगितलं. त्या आणखी दोघांकडं जाऊन आल्या होत्या. एकानं, ‘बाई, शुभकार्यात असलं अभद्र कशाला बोलता?’ असं म्हटलं होतं. दुसरा म्हणाला होता, काळजीच करू नका.

“पस्तीस वर्षं शाळेत काढली मी. ‘काळजी करू नका’ म्हणणारी मुलं सहलीला सगळ्यांत आधी हरवतात,” त्या म्हणाल्या. “कागद समारंभाच्या आठवडाभर आधी माझ्या हातात पाहिजे. आला तर काम तुमचं. नाही आला तर मी हॉलला सुट्टी देईन आणि आम्ही दोघी घरीच केक कापू.”

कागद नवव्या दिवशी आला. मुख्याध्यापिकांनी तो बारीक अक्षरांसकट वाचला, दोन ठिकाणी पेन्सिलीनं खुणा केल्या, त्यांचे अर्थ विचारले, आणि मग म्हणाल्या, “आईला पिवळा आवडतो.”

समारंभाच्या दिवशी फुलताई सकाळी लवकर हॉलवर पोचली. फाईलताईची एक सवय होती: पाहुणे यायच्या तासभर आधी ती चपला काढून सगळा हॉल अनवाणी फिरायची. फुलताई तिला हसायची, नवस बोललीस का म्हणून. आज तिनं तेच केलं. पायाला सतरंजीची उचललेली कड लागली, तिथं पट्टी मारली. स्टेजच्या पायरीपाशी फरशी ओलसर लागली, ती पुसून घेतली. खुर्च्यांच्या तिसऱ्या रांगेत एक पाय डुगडुगत होता, ती खुर्ची बाहेर काढली. अर्धा तास लागला. मग पिवळ्या फुलांच्या कुंड्या भिंतीला टेकवून ठेवल्या, एकही टांगली नाही. दिसायला थोडं बसकं दिसत होतं. असू दे म्हणाली.

ऐंशीजणांना बोलावलं होतं, आले चौतीस. वाट पाहून पाहून जेवण सुरू केलं. काही जुने शिक्षक, काही शेजारी, बँकेतली एक मुलगी, आईंच्या औषधांचं बघणारे डॉक्टर. एका माजी विद्यार्थ्यानं भाषण केलं, ते सगळं मुख्याध्यापिकांबद्दल होतं. आईंनी केक कापला, एक घास खाल्ला आणि टाळ्या संपायच्या आत त्यांना झोप लागली. कुणी पडलं नाही, कुणाला भाजलं नाही. तीन वाजता हॉल रिकामा झाला.

कामगार भांडी बाहेर नेत होते. गाडी यायला अजून अवकाश होता. मुख्याध्यापिका चाकांच्या खुर्चीत झोपलेल्या आईशेजारी बसल्या होत्या. फुलताई एक खुर्ची सोडून बसली.

“आज जे आले ना, त्यात आईला पूर्वीपासून ओळखणारं एकही नव्हतं,” मुख्याध्यापिका म्हणाल्या. “सगळी माझ्या ओळखीची माणसं. यादी करायला बसले तेव्हाच कळलं मला. तिची माणसं संपलीत. तिचं लग्नाआधीचं लाडकं नाव काय होतं, हे सांगू शकणारं आता कुणी नाही. तीही विसरली.”

 मग फुलताईनं फाईलताईचं सांगितलं. वायरीचं, जबाबाचं, शोकसभेच्या त्या वाक्याचं. इतक्या दिवसांत तिनं हे पहिल्यांदाच कुणाला सांगितलं होतं आणि नीट सांगता येत नव्हतं, मागचं पुढं, पुढचं मागं होत होतं. मुख्याध्यापिकांनी मध्ये एकदाही थांबवलं नाही. शेवटी त्या एवढंच म्हणाल्या, “माझ्या बहिणीला पुढच्या रांगेत मीच बसवलं होतं. तिला मागं बसायचं होतं.”

गाडी आली. दोघींनी मिळून खुर्ची उतारावरून खाली नेली. आईंना आत बसवताना त्या जाग्या झाल्या आणि फुलताईचा हात धरून, तू कुणाची गं, असं विचारलं.  मुख्याध्यापिका म्हणाल्या, “माझ्या ओळखीच्या आहेत, आई.” मग दार लावता लावता फुलताईला म्हणाल्या की आई दुपारी झोपते, दोन ते पाच घर अगदी चिडीचूप असतं, कधी या बाजूला आलात तर या.

फुलताई बरं म्हणाली. असं निमंत्रण लोक समारंभ संपला की देतातच. तिला बावीस वर्षांत शेकडो मिळाली होती आणि ती एकालाही गेली नव्हती.

पुढचा आठवडा रिकामाच होता. तिनं भागीदारीची पाटी काढायला सांगितली आणि नवी रंगवायला दिली. फाईलताईचं टेबल मात्र तिथंच राहू दिलं, आता ती दुपारी कागदपत्रं करायला त्यावर बसायची. गुरुवारी दोन वाजले तरी फोन एकदाही वाजला नाही. तिनं ऑफिसला कुलूप लावलं आणि चालत निघाली.

मुख्याध्यापिकांनी दार उघडलं आणि तोंडावर बोट ठेवलं. आतून आईंच्या संथ घोरण्याचा आवाज येत होता. दोघी स्वयंपाकघरात बसल्या. चहा झाला. बोलणं असं फारसं झालं नाही. एका नळाच्या गळतीबद्दल झालं, थोडं पेन्शनबद्दल झालं. पाचला आई उठल्या, तेव्हा फुलताई निघाली.